एकच कल्पना दोघांना एकाच वेळी कशी सुचते?

मागच्या अंकात एका उत्तराच्या ओघात मी लिहिलं होतं, की नैसर्गिक निवडीची कल्पना चार्ल्स डार्विन आणि आल्फ्रेड रसेल वॉलेस या दोघांना स्वतंत्रपणे सुचली. त्या एका वाक्यावर जेवढी पत्रं आली तेवढी मूळ उत्तरावर आली नाहीत. म्हणून या महिन्यात बाकीचे प्रश्न बाजूला ठेवून हाच विषय घेते. कराडला कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवायला लागले तेव्हापासून तो माझ्या जिव्हाळ्याचा आहे. आपण मुलांकडून शोधाचं साल आणि शोधकाचं नाव घोकून घेतो. त्याच सुमारास दुसऱ्या गावात दुसरं कुणी त्याच शोधाच्या उंबरठ्यावर उभं होतं, हे पाठ्यपुस्तकात क्वचितच असतं. मला वर्गात नेमकं तेच सांगावंसं वाटायचं.

प्रश्न : बाई, मी बारावीत आहे. विज्ञानकथा स्पर्धेसाठी कथा लिहितोय. माझ्या कथेत दोनशे वर्षांनंतर 'कल्पनोदयशास्त्र' नावाचं शास्त्र असतं. हवामान खातं पावसाचा अंदाज देतं, तसा या शास्त्राचा सरकारी विभाग 'येत्या तीन वर्षांत अमुक शहरात अमुक कल्पना जन्माला येईल' असा अंदाज देतो. आमचे सर म्हणतात, हे पटत नाही. असं शास्त्र खरंच असू शकेल का? त्याचे नियम काय असतील?
— एक विद्यार्थी, बारामती

उत्तर : तुझी कथा पूर्ण झाली की मला वाचायला हवी आहे, हे आधी सांगते. आणि सरांचा आक्षेपही मनावर घे, कारण त्यात दम आहे.

अशा शास्त्राचं स्वप्न तुझ्याआधी एकानं पाहिलंय. आयझॅक असिमोव्ह यांनी १९४० च्या दशकात आपल्या विज्ञानकथांमध्ये 'सायकोहिस्टरी' नावाचं शास्त्र कल्पिलं. त्यामागचा विचार तुला वायूंच्या धड्यावरून लगेच कळेल. एक रेणू कुठे जाईल ते सांगता येत नाही, पण टाकीभर रेणूंचा दाब किती असेल ते सांगता येतं. तसंच एक माणूस काय करील ते कळत नसलं, तरी माणसांचा अफाट मोठा समाज कुठे चाललाय ते गणितानं काढता येईल, असं त्यांनी मानलं. शिवाय एक अट घातली : भाकीत त्या समाजाला कळता कामा नये. कळलं, की लोक वागणं बदलतात आणि भाकीत फसतं. ही अट तुझ्या कथेला फार उपयोगी पडेल.

पण असिमोव्ह यांचं शास्त्र साम्राज्याच्या ऱ्हासाचं भाकीत करत होतं. तू नव्या कल्पनेचं करायला निघालास, आणि ते जास्त अवघड आहे. कार्ल पॉपर या तत्त्वज्ञानं यावर मांडलेला मुद्दा अगदी साधा आहे. उद्या सुचणारी कल्पना काय असेल ते आज नेमकं सांगता आलं, तर ती आजच सुचली की! मग ती उद्याची कशी राहिली? तुझ्या विभागातल्या अधिकाऱ्यानं 'अमुक शहरात अमुक कल्पना' असा कागद टाइप केला, त्याच क्षणी ती कल्पना त्याच्या टेबलावर जन्मली. त्या शहराची वाट बघायचं कारणच उरलं नाही. सरांना बहुधा हेच खटकत असणार.

मग तुझ्या शास्त्राला काय उरतं? माझ्या मते बरंच उरतं. कल्पना आधी सांगता येत नाही, पण एखादा प्रश्न पिकत आलाय, हे ओळखता येतं.

१९२२ साली अमेरिकेत विल्यम ऑगबर्न आणि डोरोथी थॉमस यांनी एक यादी छापली. एकाहून जास्त माणसांनी स्वतंत्रपणे लावलेले १४८ शोध त्यात होते. पुढे १९६१ मध्ये रॉबर्ट मर्टन या समाजशास्त्रज्ञानं त्याहून धीट विधान केलं : असे जोडशोध हा विज्ञानातला अपवाद नाही, तोच नियम आहे. एकट्याचा वाटणारा शोधसुद्धा बहुतेक वेळा दुसऱ्या कुणाच्या वाटेवर होताच, पहिल्यानं आधी छापला म्हणून दुसऱ्यानं हात आवरता घेतला.

यातलं माझं आवडतं उदाहरण ऊर्जेच्या अक्षय्यतेचं आहे. रॉबर्ट मायर हा जहाजावरचा डॉक्टर. जावाच्या उष्ण हवेत खलाशांचं रक्त काढताना ते त्याला नेहमीपेक्षा जास्त लाल दिसलं आणि तिथून तो शरीराची उष्णता आणि श्रम यांच्या हिशोबाकडे वळला. त्याचा लेख १८४२ चा. जेम्स जूल मँचेस्टरजवळच्या बिअर बनवणाऱ्या घरातला, त्याचे प्रयोग १८४३ चे. कोपनहेगनचा लुडविग कोल्डिंग अभियंता, त्याचंही तेच वर्ष. हर्मान हेल्महोल्ट्झ लष्करात डॉक्टर होता, त्याचा निबंध १८४७ चा. धंदे वेगळे, गावं वेगळी, एकमेकांची फारशी ओळख नाही. मग चौघंही एकाच ठिकाणी कसे पोचले? वाफेच्या इंजिनानं सगळ्या युरोपापुढे एकच हिशोब टाकला होता : एवढा कोळसा जाळला तर काम किती मिळेल? कारखानदारालाही तो सुटायला हवा होता आणि प्राध्यापकालाही.

म्हणून तुझ्या शास्त्राचा पहिला नियम मी असा करीन, की उत्तरं मोजू नका, प्रश्न मोजा. एकमेकांना न ओळखणारी माणसं एकच अडचण वेगवेगळ्या शब्दांत सांगू लागली, की समजा काहीतरी येऊ घातलंय. दुसरा नियम साधनांचा. सूर्यावरचे डाग १६१० आणि १६११ या दोन वर्षांत हॅरियट, फॅब्रिशियस, शायनर आणि गॅलिलिओ या चौघांनी दुर्बिणीतून पाहिले, कारण दुर्बीणच मुळी १६०८ मध्ये पुढे आली होती. यावर जास्त बोलायची गरज नाही.

तिसऱ्या नियमावर मात्र मी अडून बसणार आहे. तो ऐकणाऱ्यांचा. डार्विन आणि वॉलेस यांचं लेखन लंडनच्या लिनियन सोसायटीत १ जुलै १८५८ रोजी एकत्र वाचलं गेलं. जीवशास्त्र उलटंपालटं करणारी ती संध्याकाळ. पण सोसायटीचे अध्यक्ष थॉमस बेल यांनी पुढच्या वर्षी आढावा घेताना सांगितलं, की सरलेल्या वर्षात क्रांतिकारक म्हणावा असा एकही शोध लागला नाही! कल्पना खोलीत मोठ्यानं वाचली गेली होती आणि तरीही ती कुणाच्या कानापर्यंत गेली नव्हती. ग्रेगोर मेंडेलचं त्याहून वाईट झालं. वाटाण्यावरचे आनुवंशिकतेचे प्रयोग त्यानं १८६५ मध्ये ब्रनोच्या सभेत दोन बैठकांत वाचले, १८६६ मध्ये छापले. १८८४ मध्ये तो वारला, तोवर कुणाला त्याचं मोल कळलं नव्हतं. आणि १९०० साली डी व्ह्रीस, कोरेन्स, चेरमाक हे तीन वनस्पतिशास्त्रज्ञ तीन ठिकाणांहून त्याच निष्कर्षांवर येऊन पोचले. चौतीस वर्षांत वाटाण्याची झाडं बदलली नव्हती. वाचणारे बदलले होते. पेशी विभागताना गुणसूत्रांचं काय होतं, ते या काळात सूक्ष्मदर्शकाखाली दिसलं होतं, त्यामुळे मेंडेलचे आकडे आता कशाबद्दल बोलताहेत ते समजायला जागा तयार झाली होती.

तुझ्या कथेतल्या विभागाला कल्पनेचं नाव जाहीर करू देऊ नकोस. 'या खोऱ्यात हा प्रश्न पिकलाय' एवढंच त्यांना कळू दे. ते जाहीर झाल्यावर लोक तिथे गर्दी करतील, जागांचे भाव वाढतील, जो खरोखर त्या प्रश्नाशी झुंजत होता त्याला तिथून उठावं लागेल. असिमोव्ह यांची अट तुला इथे भेटेल. आणि माझं ऐकशील तर कथेची नायिका कल्पना सुचलेली व्यक्ती ठेवू नकोस. जिनं ती पहिल्यांदा नीट ऐकून घेतली, तिला नायिका कर.

प्रश्न : स. न. वि. वि. मी टपाल खात्यातून निवृत्त झालो आहे. राष्ट्रीय विज्ञान दिनाला नातीच्या शाळेत गेलो होतो. तिथे आलेल्या एका पाहुण्यांनी सांगितलं, की रामन परिणाम रशियातल्या शास्त्रज्ञांना आठवडाभर आधीच सापडला होता. हे खरं आहे का? असेल तर २८ फेब्रुवारीला आपण नेमकं काय साजरं करतो?
— एक आजोबा, नाशिक

उत्तर : पाहुण्यांनी तारखा बरोबर सांगितल्या, पण गोष्ट अर्धी सांगितली. रामन परिणाम म्हणजे पदार्थातून विखुरताना प्रकाशाच्या थोड्याशा भागाचा रंग, म्हणजे तरंगलांबी, बदलणं.

मॉस्कोत ग्रिगोरी लँड्सबर्ग आणि लिओनिद मांडेलश्टाम क्वार्ट्झच्या स्फटिकातून विखुरणारा प्रकाश तपासत होते. ते शोधत होते वेगळंच काही : स्फटिकातल्या उष्णतेच्या लहरींमुळे प्रकाशाच्या रंगात होणारा अगदी बारीक फरक. २१ फेब्रुवारी १९२८ च्या सुमाराला त्यांना अपेक्षेपेक्षा कितीतरी मोठा फरक दिसला. इकडे कोलकात्याला बहुबाजार स्ट्रीटवरच्या इंडियन असोसिएशन फॉर द कल्टिव्हेशन ऑफ सायन्समध्ये चंद्रशेखर वेंकट रामन आणि के. एस. कृष्णन द्रवांमधून विखुरणारा प्रकाश पाहत होते. त्यांची वाट फार आधी सुरू झाली होती. १९२१ मध्ये युरोपातून बोटीनं परतताना रामन यांना भूमध्य समुद्राच्या निळ्या रंगानं पछाडलं. त्या निळाईला आकाशाचं प्रतिबिंब एवढंच कारण पुरत नाही, पाण्याचे रेणू स्वतः प्रकाश विखुरतात, हे त्यांनी दाखवलं आणि मग पुढची सात वर्षं त्यांचे विद्यार्थी एकामागून एक द्रव तपासत राहिले. मध्येच १९२३ मध्ये आर्थर कॉम्प्टननं दाखवलं, की क्ष-किरण विखुरताना तरंगलांबी बदलते. त्याच वर्षी अडॉल्फ स्मेकल यांनी दृश्य प्रकाशाबाबत तसंच घडेल असं कागदावर मांडलं. फ्रान्समध्येही काही जण याच्या मागावर होते. प्रश्न पिकला होता म्हणजे काय, ते इथे डोळ्यांसमोर दिसतं.

रामन-कृष्णन यांनी 'नेचर'साठी पहिलं टिपण १६ फेब्रुवारीलाच लिहिलं होतं. तोवर ते सूर्यप्रकाश आणि रंगीत गाळण्या वापरत होते. २८ तारखेला पाऱ्याच्या दिव्याचा प्रकाश वापरून वर्णपटात नव्या रेषा स्वच्छ वेगळ्या दिसल्या आणि दुसऱ्याच दिवशी बातमी वर्तमानपत्रांकडे गेली. 'नेचर'मधलं टिपण ३१ मार्चला छापून आलं. मॉस्कोचा लेख जर्मन नियतकालिकात आला तो जुलैमध्ये. १९३० चं नोबेल एकट्या रामन यांना मिळालं. रशियन पुस्तकांत आजही या परिणामाला रामन यांचं नाव नसतं, आणि मॉस्कोच्या त्या दोघांबद्दल मला मनापासून आदर आहे. त्यांनी कुणाचं काही घेतलं नव्हतं आणि रामन यांनीही घेतलं नव्हतं.

तुम्ही आयुष्यभर टपाल हाताळलंत म्हणून तुम्हाला हे विशेष जाणवेल : रामन यांनी आपल्या निबंधाच्या छापील प्रती लगोलग जगभरच्या प्रयोगशाळांना पाठवल्या होत्या. परिणाम कुठे दिसतो, कसा पाहायचा, कोणतं साधन लागतं, हे वाचून ठिकठिकाणी लोकांनी आपापल्या प्रयोगशाळेत तो पाहिला. ऐकणारा आपोआप मिळेल अशी वाट त्यांनी पाहिली नाही, त्याच्या पत्त्यावर पाकीट टाकलं.

२८ फेब्रुवारीला आपण काय साजरं करतो? आमच्या प्रयोगशाळेत वर्णपटमापीवर पाऱ्याच्या दिव्याची ती निळी-जांभळी रेषा पहिल्यांदा दिसली, की मुलं 'मॅडम, दिसली!' म्हणून ओरडायची. त्याच दिव्यापुढे, गुलाम देशातल्या एका वर्गणीवर चालणाऱ्या संस्थेत, जगाचा ताजा प्रश्न हाताळला जात होता आणि तो सुटला. नातीला हे सांगा. मॉस्कोचंही सांगा. तिचा अभिमान त्यानं कमी होणार नाही.

प्रश्न : मी नोकरीनिमित्त कोचीला असतो. इथे ऐकलं, की न्यूटनचं कलनशास्त्र (कॅल्क्युलस) केरळातून युरोपात गेलं. आपण हे ठामपणे का सांगत नाही?
— एक वाचक, कोची

उत्तर : कारण त्याला पुरावा नाही. जे आहे तेच इतकं मोठं आहे, की त्यात भर घालायची गरज नाही. संगमग्रामचे माधव हे चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धातले आणि पंधराव्याच्या सुरुवातीचे. वर्तुळाचा परीघ आणि ज्या-कोज्या (साइन-कोसाइन) काढण्यासाठी न संपणाऱ्या पदांच्या मालिका त्यांच्या परंपरेनं दिल्या. युरोपात ग्रेगरी आणि लायब्निझ त्या मालिकांपाशी पोचले १६७० च्या दशकात. साधारण १५३० च्या सुमारास ज्येष्ठदेवांनी त्यांच्या उपपत्ती 'युक्तिभाषा' या ग्रंथात लिहिल्या, त्याही मल्याळममध्ये. विचार करा, सिद्धतेसकट गणित लोकभाषेतल्या गद्यात!

एक गोष्ट मात्र मला नेहमी हळहळायला लावते. हे ज्ञान गुरूकडून शिष्याकडे, ताडपत्रावरून ताडपत्रावर असं मोजक्या घरांत फिरत राहिलं. चार्ल्स व्हिश या कंपनी सरकारच्या अधिकाऱ्यानं १८३० च्या दशकात त्यावर निबंध छापला, तेव्हा बाहेरच्या जगाला त्याचा सुगावा लागला, आणि तेव्हाही फार थोड्यांनी लक्ष दिलं. तिकडे न्यूटननं आपलं काम १६६५-६६ मध्ये करून ठेवलं, लायब्निझनं आपलं १६८४ मध्ये छापलं, मग दोघांत कोण पहिला यावरून मोठा कलह झाला. भांडण वाईटच होतं. पण दोघांच्याही रीती वापरणारे होते : ब्रिटनमध्ये न्यूटनची, उरलेल्या युरोपात लायब्निझची. माधवांच्या वाट्याला असं कुणी भांडणारंही आलं नाही.

प्रश्न : वैज्ञानिक शोधांत असं होत असेल. पण सामाजिक कल्पनाही अशा एकाच सुमाराला उगवतात का? आणि तसं म्हटलं तर जोतीराव-सावित्रीबाईंचं मोठेपण कमी होत नाही का?
— एक शिक्षिका, सातारा

उत्तर : ताई, तुमच्या दुसऱ्या प्रश्नातली काळजी मला समजते. आधी तारखा मांडते.

कोलकात्याजवळ बारासातला प्यारीचरण सरकार आणि त्यांच्या मित्रांनी १८४७ मध्ये मुलींची शाळा काढली. पुण्यात भिडेवाड्यात जोतीराव आणि सावित्रीबाईंची शाळा १८४८ ची. मुंबईत एल्फिन्स्टन संस्थेतल्या तरुणांनी १८४८ मध्येच आपली साहित्य-विज्ञान मंडळी स्थापन केली. दादाभाई नौरोजी त्यांतले एक. पुढच्या वर्षी त्यांनी मुलींच्या शाळा सुरू केल्या. १८४९ मध्येच कोलकात्यात बेथ्यून यांची शाळा उघडली. तीन वर्षांत तीन शहरं आणि एक गाव. पुणे, मुंबई आणि बंगाल इथल्यांनी एकमेकांचं पाहून केलं असं म्हणायला मला तरी आधार दिसत नाही.

प्रश्न कसा पिकला होता तेही दिसतं. मिशनरी बायका १८२० च्या दशकापासून मुलींना शिकवत होत्या. तेव्हाच्या अहमदनगरला मिस फॅरार यांची शाळा जोतीरावांनी पाहिली होती. नव्या शाळांतून बाहेर पडलेली पहिली पिढी विशीत आली होती. मराठी छापखाना हाताशी होता. १८३२ मध्ये 'दर्पण' निघालं होतं आणि १८४८ पासून 'प्रभाकर'मध्ये लोकहितवादी आठवड्या-आठवड्याला समाजाच्या दुखण्यांवर पत्रं लिहीत होते. बायकांना शिकवायचं की नाही, हा वाद घराघरांत शिरला होता.

आता मोठेपणाकडे येते. कल्पना का आली, एवढंच या सगळ्यावरून कळतं. ती अंगावर कुणी घेतली आणि त्यासाठी काय मोजलं, हे त्यावरून कळत नाही. बेथ्यून गव्हर्नर जनरलच्या कौन्सिलचे सभासद होते आणि त्यांची शाळा प्रतिष्ठित हिंदू घरांतल्या मुलींसाठी होती. मुंबईच्या तरुणांच्या पाठीशी जगन्नाथ शंकरशेट उभे होते. पुण्यात कोण होतं? विशीतला माळ्याचा मुलगा, त्याची सतरा-अठरा वर्षांची बायको आणि गोवंडे, भिडे यांच्यासारखे मोजके मित्र. पेशवाई जाऊन तीसच वर्षं झाली होती. सावित्रीबाईंच्या अंगावर शेण-चिखल टाकला गेला. दोघांना वडिलांचं घर सोडावं लागलं. शिवाय त्यांच्या कल्पनेत एक गोष्ट जास्तीची होती, जी त्या वेळी इतरांच्या कल्पनेत मला दिसत नाही : शूद्र आणि अतिशूद्रांच्या मुली. तीच कल्पना दुसरीकडेही उगवत होती, असं म्हणताना मी ही गोष्ट विसरत नाही. 'तीच' कल्पना इथे 'तीच' नव्हती.

आणि ऐकणाऱ्यांबद्दल मी वर जे म्हटलं, त्याचं सगळ्यांत मोलाचं उदाहरण मला याच शाळांत सापडतं. फुल्यांच्या शाळेत मुक्ता नावाची मांग समाजातली मुलगी शिकत होती. १८५५ मध्ये तिनं महार-मांगांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला. वेद आमचे नाहीत, तर मग आमचा धर्म कोणता, असा प्रश्न तिनं त्यात केला. आमच्या इतिहास विभागातल्या सहकारी बाईंनी तो मला वाचून दाखवला होता. वाचताना त्यांचा आवाज कापत होता. असे विचार तिच्याआधी त्या वस्त्यांमध्ये कुणाच्या मनात आले नसतील, असं मी मानणार नाही. शेकडो वर्षं आले असतील. ते लिहायची अक्षरं तिच्या हाती दिली गेली, समोर बसून कुणीतरी ते ऐकलं आणि 'ज्ञानोदय'नं ते छापलं, म्हणून ते आपल्यापर्यंत आले.

प्रश्न : माझी मुलगी गणितात एम. एस्सी. करतेय. दीड वर्ष रात्रंदिवस एका कल्पनेवर काम केलं. परवा कळलं, की ते कुणीतरी तिच्या जन्माआधीच सिद्ध केलंय. तिनं वही कपाटात टाकली. आता म्हणते, माझ्यात काही नवं नाही. मी गृहिणी आहे, मला गणित कळत नाही. तिला काय सांगू?
— एक आई, नागपूर

उत्तर : तिला हंगेरीच्या यानोश बोयाईची गोष्ट सांगा. समांतर रेषांबद्दलचं युक्लिडचं गृहीतक सोडून देऊन त्यानं नवी भूमिती उभी केली. वडील फार्काशही गणिती. त्यांनी मुलाला घाई करायला सांगितलं, कारण काही कल्पनांचा हंगाम येतो आणि वसंतात रानफुलं जिकडेतिकडे उमलावीत तशा त्या अनेक ठिकाणी एकदम येतात. १८३२ मध्ये वडिलांच्या पुस्तकाची पुरवणी म्हणून ते काम छापलं गेलं. वडिलांनी ते आपले जुने मित्र गाउस यांना पाठवलं. गाउस यांनी कळवलं, की याची स्तुती करणं म्हणजे माझीच स्तुती करणं होईल, कारण मी हे बऱ्याच वर्षांपूर्वी मनाशी केलंय. रशियात काझानला लोबाचेव्हस्की यांनीही १८२९ मध्ये तेच छापलं होतं. यानोश खचला. हजारो पानं लिहून ठेवली, पण त्यानंतर प्रसिद्ध असं जवळजवळ काहीच केलं नाही. गाउस यांच्या त्या पत्राचा मला आजही राग येतो. त्यांनी दोन ओळी वेगळ्या लिहायला हव्या होत्या.

मग तिला वॉलेसची गोष्ट सांगा. आपली कल्पना डार्विननं वीस वर्षं जवळ बाळगली होती, हे कळल्यावरही त्यानं काम थांबवलं नाही. बाली आणि लोंबोक या दोन शेजारच्या बेटांवरचे प्राणी इतके वेगळे का, याचा छडा त्यानंच लावला, आणि १८८९ मध्ये आपल्या पुस्तकाला 'डार्विनिझम' असं नाव आनंदानं दिलं. श्रीनिवास रामानुजन यांच्या वह्यांतही युरोपात आधीच माहीत असलेले निष्कर्ष कितीतरी होते. जानेवारी १९१३ मध्ये त्यांनी केंब्रिजचे गणितज्ञ हार्डी यांना पत्र लिहिलं, त्याआधी तिथल्याच दोघांनी त्यांना दाद दिली नव्हती. हार्डी यांनी लिटलवुड यांच्यासोबत बसून ते कागद नीट वाचले. जुनं काय, नवं काय, ते निवडलं. जुनं निघालं म्हणून माणूस टाकून दिला नाही.

मुलीनं जे सिद्ध केलं ते दुसऱ्या एका समर्थ माणसालाही महत्त्वाचं वाटलं होतं, याचा अर्थ तिची नजर योग्य जागी पडली. आता तिनं एक काम करावं. छापलेली सिद्धता आणि आपली सिद्धता शेजारी ठेवून ओळीन् ओळ ताडून पाहावी. दोघांची वाट क्वचितच एक असते, आणि जिथे ती वेगळी होते तिथून बऱ्याचदा पुढचा प्रश्न सुरू होतो. ते तिच्या मार्गदर्शकांना दाखवावं. त्यांना वेळ नसेल तर दुसऱ्या कुणाला.

आणि तुम्ही, ताई, तिला एका दुपारी समोर बसवून म्हणा, 'मला समजेल असं सांग.' गणित कळत नाही म्हणून मागे राहू नका. जिथे कळणार नाही तिथे थांबवा आणि विचारा. तिला ते सोपं करून सांगावं लागेल, आणि तेव्हा तिला स्वतःलाच कळेल की यातलं तिचं काय आहे.

प्रश्न : आमच्या कारखान्यात सूचना पेटी ठेवलीय. सुरुवातीला चिठ्ठ्या आल्या, आता पेटी रिकामीच असते. कामगारांना नव्या कल्पना सुचाव्यात म्हणून काय करावं?
— एक पर्यवेक्षक, चाकण

उत्तर : सुचताहेत त्यांना. जो माणूस रोज आठ तास एकाच मशिनपुढे उभा असतो, त्याला तिथली अडचण तुमच्या-माझ्यापेक्षा आधी दिसते. पहिल्या चिठ्ठ्यांचं काय झालं ते आधी पाहा. बहुधा कुणालाच उत्तर गेलं नसेल.

पेटीवर ती उघडणाऱ्या माणसाचं नाव आणि उघडायचा वार लिहा. प्रत्येक चिठ्ठीला पंधरा दिवसांत उत्तर द्या, नकार असेल तर कारणासकट, आणि ते फलकावर सगळ्यांना दिसेल असं लावा. एकच सूचना दोन पाळ्यांमधून स्वतंत्रपणे आली, तर ती सगळ्यांत आधी हातात घ्या, आणि फलकावर दोघांचीही नावं लिहा.